फिलिप स्नोडेन : विणकराच्या घरातील अर्थमंत्री

ब्रिटनच्या अर्थमंत्र्याचे अधिकृत पदनाम ‘चान्सेलर ऑफ द एक्सचेकर’ असे आहे. यातील ‘एक्सचेकर’ हा शब्द बुद्धिबळाच्या पटावरून आलेला आहे. बाराव्या शतकात इंग्लंडच्या राजाचा महसूल मोजताना मेजावर चौकटींचे कापड अंथरीत आणि त्या चौकटींत सोंगट्या मांडून जमाखर्चाचा मेळ घालीत. ‘बजेट’ या शब्दाचे मूळ जुन्या फ्रेंच भाषेत आहे आणि तिथे त्याचा अर्थ चामड्याची लहान पिशवी असा होतो. मराठीत या एकाच गोष्टीसाठी दोन शब्द रुळले. ‘अंदाजपत्रक’ हा हिशोबनिसाचा शब्द आहे, तर ‘अर्थसंकल्प’ हा काही करू इच्छिणाऱ्याचा. पिशवीत किती आहे हे पाहणे आणि काय करावयाचे याचा संकल्प सोडणे या दोन कृतींत बरेच अंतर आहे. ब्रिटनच्या मजूर पक्षाचे पहिले अर्थमंत्री फिलिप स्नोडेन यांचे चरित्र वाचताना हे अंतर ध्यानात ठेवलेले बरे.

स्नोडेन यांचा जन्म १८ जुलै १८६४ रोजी यॉर्कशायरच्या वेस्ट रायडिंग भागातील कौलिंग या खेड्यात झाला. हे गाव लँकेशायरच्या सीमेलगत, ओसाड माळरानाच्या कुशीत वसलेले आहे. वडील जॉन विणकर होते, आईही विणकामच करी. घरात वेस्लियन मेथडिस्ट पंथाची शिस्त होती. दारू नाही, उधारी नाही, रविवार चुकवायचा नाही. जे मिळेल त्यात भागवायचे आणि कुणाचे देणे ठेवायचे नाही, हा त्या वस्तीतील प्रत्येक अब्रूदार कुटुंबाचा नेम होता. ‘अंथरूण पाहून पाय पसरावे’ ही म्हण आपल्याकडे घरोघरी ऐकू येते. कौलिंगच्या विणकरांना ती शिकवावी लागली नसती. उदारमतवादी पक्ष, खुला व्यापार आणि ग्लॅडस्टन यांच्यावरील निष्ठाही अशा घरांतून धर्मनिष्ठेइतकीच दृढ असे. स्नोडेन पुढे समाजवादी झाले. तथापि या घराने त्यांच्यावर जे पहिले संस्कार केले, ते त्यांनी कधी टाकले नाहीत, आणि या चरित्रातील पेच तिथूनच सुरू होतो.

१८७९ साली गावातील गिरणी बुडाली आणि कुटुंबाला लँकेशायरमधील नेल्सन या गिरणीगावी स्थलांतर करावे लागले. शाळेत हुशार ठरलेले फिलिप गिरणीत गेले नाहीत, एका विमा कचेरीत कारकून झाले. १८८६ मध्ये त्यांना सरकारच्या अबकारी खात्यात नोकरी मिळाली. कर कसा आकारला जातो आणि कसा वसूल होतो, हे भावी अर्थमंत्र्याने सर्वांत खालच्या पायरीवर उभे राहून पाहिले. नोकरी स्थिर होती, बढतीची आशा होती. १८९१ साली पाठीच्या कण्याला इजा झाली आणि सत्ताविसाव्या वर्षी कमरेखालचे शरीर लुळे पडले.

नोकरी सुटली. आई कौलिंगला परतली होती. तिच्या घरी अंथरुणावर पडून त्यांनी वाचनास आरंभ केला. हळूहळू दोन काठ्यांच्या आधाराने ते चालू लागले. त्या काठ्या अखेरपर्यंत सुटल्या नाहीत. याच काळात गावच्या लिबरल क्लबने त्यांना समाजवादाचे धोके दाखवणारे व्याख्यान देण्यास सांगितले. खंडन करावयाचे तर आधी विषय समजून घ्यावा, म्हणून त्यांनी समाजवादी ग्रंथ मिळवून वाचले, आणि वाचता वाचता ते स्वतःच समाजवादी झाले. पूर्वपक्ष मांडता मांडता त्याच पक्षात जाऊन बसण्याचा हा प्रकार आपल्या शास्त्रार्थाच्या परंपरेला अपरिचित नाही.

ते इंडिपेन्डन्ट लेबर पार्टीत, म्हणजे स्वतंत्र मजूर पक्षात दाखल झाले. (डॉ. आंबेडकरांनी १९३६ साली स्थापन केलेल्या स्वतंत्र मजूर पक्षाशी विद्यार्थ्यांनी याची गल्लत करू नये. नाव तेच, पक्ष निराळा.) उत्तर इंग्लंडच्या गिरणीगावांतील सभागृहे आणि प्रार्थनामंदिरे स्नोडेन यांच्या व्याख्यानांनी भरू लागली. कृश देह, धारदार चेहरा, पातळ मिटलेले ओठ आणि काठ्या टेकीत व्यासपीठावर येणारी ती आकृती श्रोत्यांच्या मनावर ठसे. भाषणाचा आरंभ आकडेवारीने होई आणि शेवट जवळजवळ प्रवचनासारखा. समाजवाद म्हणजे येशूच्या शिकवणुकीचे ऐहिक रूप, अशी त्यांची धारणा होती. मार्क्स त्यांना फारसा मानवला नाही. १९०३ ते १९०६ या काळात ते पक्षाचे अध्यक्ष होते. १९०५ मध्ये त्यांनी एथेल अ‍ॅनाकिन या शिक्षिकेशी विवाह केला. स्त्रियांच्या मताधिकाराच्या चळवळीत एथेल अग्रभागी होत्या आणि स्नोडेनही त्या मागणीचे कट्टर पुरस्कर्ते झाले.

दोनदा पराभव पत्करून १९०६ साली ते लँकेशायरमधील ब्लॅकबर्न येथून कॉमन्स सभेत निवडून आले. ब्लॅकबर्नच्या मागांवर त्या काळी हिंदुस्थानच्या बाजारासाठी धोतरजोड्यांचे कापड विणले जाई; तेथील मतदारांची भाकरी आपल्याकडील गिऱ्हाइकांवर अवलंबून होती. कॉमन्समध्ये स्नोडेन यांनी अर्थकारण हा आपला विषय निवडला. मजूर पक्षाचे बहुतेक सदस्य कामगार संघटनांतून आलेले होते. करव्यवस्थेची गुंतागुंत उलगडून सांगणारे त्यांच्यात फारसे कुणी नव्हते. लॉइड जॉर्ज यांनी १९०९ साली जमीनदारांवर आणि श्रीमंतांवर कर बसवणारा अर्थसंकल्प मांडला, तेव्हा त्याच्या समर्थनात स्नोडेन हिरिरीने उतरले.

पहिल्या महायुद्धाला त्यांनी विरोध केला. सक्तीची लष्करभरती सुरू झाल्यावर सदसद्विवेकाच्या आधारे शस्त्र नाकारणाऱ्या तरुणांची बाजू त्यांनी कॉमन्समध्ये सातत्याने मांडली. वृत्तपत्रांनी झोडपले, सभा उधळल्या गेल्या आणि १९१८ च्या निवडणुकीत ब्लॅकबर्नच्या मतदारांनी त्यांना घरी बसवले. त्यांनी आपले मत मात्र बदलले नाही. पुढे ज्या ताठरपणाबद्दल त्यांना दूषणे मिळाली, त्याच ताठरपणाची ही उजळ बाजू आहे. १९२२ साली ते यॉर्कशायरच्या कोन व्हॅली मतदारसंघातून पुन्हा निवडून आले.

जानेवारी १९२४ मध्ये रॅम्से मॅकडोनल्ड यांच्या नेतृत्वाखाली मजूर पक्षाचे पहिले सरकार आले. (ब्रिटनच्या दोन पक्षांना मराठी वृत्तपत्रांनी ‘हुजूर’ आणि ‘मजूर’ अशी यमक साधणारी नावे दिली. भाषांतर म्हणून पहिले नाव सैल आहे, पण त्या नावाने जे सांगायचे ते सांगितले.) सरकार अल्पमतातील होते. मजुरांचा अर्थमंत्री तिजोरी लुटील, अशी भीती लंडनच्या पेढ्यांत होती. २९ एप्रिलला स्नोडेन यांनी अर्थसंकल्प मांडला आणि ती भीती विरली. चहावरील कर पौंडामागे आठ पेन्सवरून चारवर आला. साखरेवरील कर निम्म्याहून अधिक उतरला. कोको, कॉफी, सुका मेवा हेही स्वस्त झाले. गरिबाच्या न्याहारीवर कर असू नये, हे जुने उदारमतवादी स्वप्न होते आणि त्याच्या बऱ्याच जवळ जाण्याचे भाग्य एका समाजवाद्याला लाभले. परदेशी मोटारी, घड्याळे, वाद्ये यांवर युद्धकाळात बसवलेली आयात जकातही त्यांनी उठवली. सर्वसामान्य गृहिणी खूश झाली आणि पेढीवालेही नाराज झाले नाहीत. श्रीमंतांच्या संपत्तीकडे या अर्थसंकल्पाने फारसे पाहिले नाही, ही गोष्ट त्या आनंदात अनेकांच्या नजरेतून सुटली.

ते सरकार वर्षभरही टिकले नाही. त्यानंतर अर्थमंत्री झालेल्या चर्चिल यांनी १९२५ साली पौंड पुन्हा सुवर्णपरिमाणाशी जोडला, तोही युद्धापूर्वीच्या दराने, एका पौंडास ४.८६ डॉलर. ही पद्धत विद्यार्थ्यांनी नीट समजून घ्यावी, कारण पुढचे सारे नाट्य तिच्याभोवती घडते. सुवर्णपरिमाणात सरकार ठरावीक दराने चलनाच्या बदल्यात सोने देण्यास बांधलेले असते. परदेशी ठेवीदारांचा विश्वास उडाला, तर ते पौंड देऊन सोने मागतात आणि तिजोरी रिकामी होऊ लागते. विश्वास राखायचा तर व्याजदर चढा ठेवायचा आणि सरकारी खर्च जमेच्या आत ठेवायचा. पौंडाचा दर अवाजवी चढा असल्यामुळे ब्रिटिश कापड, कोळसा आणि पोलाद परदेशी गिऱ्हाइकांना महाग पडू लागले. स्नोडेन यांनी चर्चिल यांच्यावर पुष्कळ टीका केली, तरी सुवर्णपरिमाणाच्या तत्त्वाला त्यांचा विरोध नव्हता. सुवर्णपरिमाण, खुला व्यापार आणि जमाखर्चाचा समतोल या तिन्ही गोष्टी त्यांच्या लेखी अर्थशास्त्रापेक्षा सदाचाराच्या अधिक होत्या.

जून १९२९ मध्ये मजूर पक्ष दुसऱ्यांदा सत्तेवर आला, याही वेळी बहुमताविना. ऑगस्टमध्ये हेग येथे जर्मनीकडून येणाऱ्या युद्धभरपाईच्या वाटणीवर परिषद भरली. ब्रिटनच्या वाट्याला कात्री लावण्याचा बेत स्नोडेन यांनी कठोर शब्दांत उधळला आणि मागणीचा मोठा भाग पदरात पाडून घेतला. युद्धकाळात ज्यांना देशद्रोही ठरवले गेले होते, ते एकाएकी राष्ट्रवीर ठरले. दोन महिन्यांनी न्यूयॉर्कचा शेअर बाजार कोसळला.

बेकारांची संख्या १९२९ च्या मध्यास ११ लाखांहून थोडी अधिक होती. १९३० च्या अखेरीस ती २५ लाखांवर गेली. कापडगिरण्यांच्या लँकेशायरमध्ये, म्हणजे स्नोडेन यांच्या तारुण्यातील गावांत, धुराडी थंड पडली. बेकारभत्त्याचा खर्च वाढला आणि करांचे उत्पन्न घटले. ओस्वाल्ड मोस्ले या तरुण मंत्र्याने कर्ज काढून सार्वजनिक कामे सुरू करण्याची योजना मांडली. स्नोडेन आणि त्यांच्या खात्याने ती फेटाळली; मोस्ले यांनी राजीनामा दिला. (हेच मोस्ले पुढे फॅसिस्ट झाले, म्हणून त्यांची १९३० ची योजना टाकाऊ होती असे मानण्याचे कारण नाही.) अर्थशास्त्रज्ञ जॉन मेनार्ड केन्स हेही मंदीत सरकारने खर्च वाढवावा असे सांगत होते. विणकराचे घर मंदीत खर्च आवरते आणि ते बरोबरच करते. पण सगळ्या घरांनी आणि त्यांच्यासोबत सरकारनेही एकाच वेळी खर्च आवरला, तर एकाचा खर्च ही दुसऱ्याची मिळकत असल्यामुळे सगळ्यांचीच मिळकत आटते. स्नोडेन यांच्यासारख्या कुशाग्र माणसाला हा युक्तिवाद समजला नसेल, हे संभवत नाही. तो त्यांना अनीतीचा वाटला असावा.

एप्रिल १९३१ मध्ये, मोठ्या शस्त्रक्रियेतून नुकतेच उठलेले असताना, त्यांनी आपला अखेरचा आशेचा अर्थसंकल्प मांडला. त्यात जमिनीच्या भांडवली मूल्यावर पौंडामागे एक पेनी कर लावण्याची तरतूद होती. जमीनदारीवरील कर ही त्यांची आयुष्यभराची आस होती.

मे महिन्यात ऑस्ट्रियातील सर्वांत मोठी बँक बुडाली, जुलैत जर्मनीच्या बँका बंद पडल्या आणि मग धास्तावलेल्या ठेवीदारांनी लंडनकडे मोर्चा वळवला. नेमक्या त्याच वेळी, जुलैअखेर, सर जॉर्ज मे यांच्या समितीचा अहवाल प्रसिद्ध झाला. सरकारी खर्चाची तपासणी करण्यासाठी ही समिती नेमली गेली होती. तिने १२ कोटी पौंडांची तूट येईल असे भाकीत केले आणि सुमारे ९ कोटी ६५ लाखांची कपात सुचवली. त्यातील फार मोठा भाग बेकारभत्त्यातून काढावयाचा होता. भत्त्याचे दर २० टक्क्यांनी उतरवावेत, अशी शिफारस होती. केन्स यांनी अहवालावर कडाडून टीका केली. परदेशात मात्र ब्रिटनचे दिवाळे निघत असल्याचाच अर्थ लावला गेला आणि सोने झपाट्याने बाहेर जाऊ लागले.

ऑगस्टभर मंत्रिमंडळाच्या बैठकांवर बैठका झाल्या. न्यूयॉर्क आणि पॅरिसच्या पेढ्यांकडून कर्ज हवे होते, आणि कपात विश्वासार्ह दिसल्याशिवाय ते मिळणार नव्हते. २० ऑगस्टला कामगार संघटनांचे पुढारी वॉल्टर सिट्रीन आणि अर्नेस्ट बेव्हिन यांनी कपातीस साफ नकार दिला. प्रश्न अखेर एका मुद्द्यावर येऊन ठेपला : बेकारभत्त्यात १० टक्के कपात. पुरुषाला आठवड्याला १७ शिलिंग मिळत, त्याचे १५ शिलिंग ३ पेन्स होणार होते. पावणेदोन शिलिंगांचा हा फरक तूट भरून काढण्यास फार मोठा नव्हता. ज्या घरात दुसरी मिळकत नव्हती, तिथे तो पानातला घास होता. त्या घासासाठी आणि त्याच्या अभिमानासाठीच मजूर पक्ष जन्माला आला होता. २३ ऑगस्टच्या रविवारी रात्री मंत्रिमंडळात मते मोजली गेली : कपातीच्या बाजूने अकरा, विरोधात नऊ. एवढ्या फुटीवर सरकार चालणे अशक्य होते.

दुसऱ्या दिवशी मॅकडोनल्ड हुजूर आणि उदारमतवादी पक्षांना घेऊन बनवलेल्या ‘राष्ट्रीय सरकार’चे पंतप्रधान झाले. मजूर पक्षाचे मोजकेच मंत्री त्यांच्यासोबत गेले. त्यांत स्नोडेन होते आणि अर्थखाते त्यांच्याकडेच राहिले. १० सप्टेंबरला त्यांनी आणीबाणीचा अर्थसंकल्प मांडला. प्राप्तिकर पौंडामागे साडेचार शिलिंगांवरून पाच शिलिंगांवर गेला, बेकारभत्ता कापला गेला, शिक्षक, पोलीस आणि सैनिक यांच्या पगारांना कात्री लागली. हुजूर सदस्यांनी टाळ्यांचा कडकडाट केला. समोरच्या बाकांवर त्यांचे कालचे सोबती बसले होते.

पाच दिवसांनी स्कॉटलंडमधील इन्व्हरगॉर्डन येथे आरमाराच्या खलाशांनी पगारकपातीविरुद्ध काम नाकारले. ही वार्ता पसरताच उरलासुरला विश्वासही गेला. २१ सप्टेंबर १९३१ रोजी ब्रिटनने सुवर्णपरिमाण सोडून दिले. ज्याच्या रक्षणासाठी सरकार मोडले, पक्ष फुटला आणि बेकारांच्या पानातला घास काढून घेतला गेला, ते चार आठवड्यांत गेले. पौंडाचा दर वर्षअखेरपर्यंत पाव हिश्शाहून अधिक उतरला. आकाश मात्र कोसळले नाही. उलट पुढील वर्षी व्याजदर २ टक्क्यांवर येऊ शकला.

या निर्णयाचे पडसाद आपल्या देशातही उमटले. रुपयाचे मूल्य १ शिलिंग ६ पेन्स या दराने स्टर्लिंगशी बांधलेलेच ठेवले गेले. सोन्याचा भाव रुपयांत चढला आणि मंदीने गांजलेल्या घरांतील दागिने मोडीत निघून ते सोने जहाजांतून परदेशी जाऊ लागले. दुसऱ्या गोलमेज परिषदेसाठी गांधीजी आणि डॉ. आंबेडकर त्या वेळी लंडनमध्येच होते, यांपैकी डॉ. आंबेडकरांचा रुपयाच्या प्रश्नावरील ग्रंथ १९२३ सालीच प्रसिद्ध झाला होता. सप्टेंबरअखेर गांधीजी लँकेशायरला गेले आणि ब्लॅकबर्नशेजारच्या डार्वेन परिसरातील बेकार गिरणीकामगारांना भेटले.

ऑक्टोबरच्या निवडणुकीत स्नोडेन स्वतः उभे राहिले नाहीत. मात्र १७ तारखेला त्यांनी नभोवाणीवरून मजूर पक्षाच्या जाहीरनाम्यावर असा घणाघात केला, की रशियातील बोल्शेव्हिकांशी त्यांनी त्याची सांगड घातली. त्या जाहीरनाम्यातील पुष्कळसा भाग दोन वर्षांपूर्वीच्या, त्यांना स्वतःला मान्य असलेल्या कार्यक्रमाहून फारसा वेगळा नव्हता. मजूर पक्षाच्या जागा २८७ वरून ५२ वर आल्या. कपातीबद्दल त्यांना क्षमा करू शकणारे जुने कार्यकर्ते होते. या भाषणाबद्दल क्षमा करणारे फार थोडे निघाले.

ते विश्वासघातकी होते काय? पक्षाच्या इतिहासात त्यांची नोंद बरीच वर्षे तशीच होत राहिली. प्रस्तुत लेखकाला हा आरोप पटत नाही. १९३१ चे स्नोडेन हे १९१६ च्या स्नोडेनहून निराळे नाहीत. दोन्ही वेळी त्यांनी लोकमताविरुद्ध आपल्या विवेकाचा कौल मानला. दोष असेल तर तो राज्याच्या तिजोरीला कौलिंगच्या घरातील डब्यासारखे मोजण्यात आहे. त्या नभोवाणी भाषणाचे समर्थन मात्र कोणत्याही तत्त्वाने करता येत नाही. त्यात दुखावलेल्या माणसाचा सूड होता.

नोव्हेंबर १९३१ मध्ये त्यांना व्हायकाउंट ही पदवी मिळाली आणि ते उमराव सभागृहात गेले. त्यांच्या जागी आलेल्या नेव्हिल चेंबरलेन यांनी १९३२ च्या आरंभी सरसकट आयात जकात लागू केली. ओटावा येथे साम्राज्यांतर्गत सवलतींचे करार झाले, तेव्हा सप्टेंबर १९३२ मध्ये स्नोडेन यांनी खुल्या व्यापाराच्या निष्ठेपोटी मंत्रिपद सोडले. जमिनीवरील कराची योजनाही नव्या सरकारने आधी स्थगित केली आणि १९३४ मध्ये कायद्यातून काढून टाकली. त्याच वर्षी त्यांचे दोन खंडांतील आत्मचरित्र प्रसिद्ध झाले. मॅकडोनल्ड यांच्यावरील रोष त्यात पानोपानी आहे. पुढे त्यांनी सार्वजनिक कामांवर मोठा खर्च करण्याच्या लॉइड जॉर्ज यांच्या योजनेला पाठिंबा दिला, म्हणजे ज्या प्रकारची योजना अर्थमंत्री असताना त्यांनी फेटाळली होती, तिलाच. तोवर त्यांच्या पाठिंब्याला फारसे मोल उरले नव्हते.

१५ मे १९३७ रोजी सरे परगण्यातील टिलफर्ड येथे त्यांचे निधन झाले. त्यांना अपत्य नव्हते. त्यांच्या अस्थी उत्तरेला नेऊन कौलिंगच्या माळरानावर विखुरण्यात आल्या. तिथे गावकऱ्यांच्या परिचयाचा एक दगडी स्मृतिस्तंभ आजही उभा आहे.